सुपारीचा शॉट

माझं लग्न ठरत होतं तेव्हा मध्यस्थ मावशींनी मुलीकडे सांगून ठेवलं होतं, मुलगा एडिटर आहे. झालं. तेव्हापासून सासरे रोज सकाळी पेपर उलटा करून शेवटच्या पानाच्या तळाला, जिथे बारीक अक्षरात संपादकाचं नाव छापतात ना, तिथे माझं नाव शोधायचे. एका पेपरात नाही मिळालं म्हणून दुसरा लावला. शेवटी साखरपुड्याच्या दिवशी न राहवून विचारलंच, "तुमचा पेपर ठाण्याला येत नाही का?" मी म्हणलं अहो संपादक नाही, संकलक, सिनेमाचा. "अच्छा अच्छा" म्हणाले, पण एक पायरी उतरलो हे मला स्टेजवर उभ्या उभ्या कळलं.

सासऱ्यांचं सोडा, माझी सख्खी आत्या वीस वर्षं मला एकच प्रश्न विचारतेय, "तू ते चुकलेलं कापतोस ना?" आणि मी पण वीस वर्षं "हो" म्हणतोय कारण समजावत बसायचं म्हणजे जेवण थंड होतं. खरंतर त्या प्रश्नाचं उत्तर एवढं साधं नाहीये, म्हणून म्हटलं एकदा लिहूनच टाकू.

मी या धंद्यात आलो २००४ साली. डोंबिवलीचा मुलगा, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची पायरी पण चढलेलो नाही (एकदा लॉ कॉलेज रोडवरून जाताना बाहेरून बोर्ड बघितला होता, एवढंच शिक्षण). बाबांच्या ऑफिसातल्या एका काकांच्या ओळखीने अंधेरीत वीरा देसाई रोडला एका एडिट स्टुडिओत चिकटलो. पगार साडेतीन हजार आणि रात्रीचा वडापाव. खोलीला खिडकी नाही, एसी इतका की मे महिन्यात स्वेटर, बाहेर पाऊस पडतोय का दंगल चालू आहे काही पत्ता नाही. कोपऱ्यात एक स्टीनबेक पडलेलं होतं, म्हणजे फिल्म कापायचं ते मोठं टेबलासारखं मशीन, बंद, त्यावर चहाचे कप आणि कुणाचं तरी हेल्मेट. सगळं काम तोवर कॉम्प्युटरवर आलेलं.

पण आमचे सर त्या टेबलावरचेच. सगळी हयात फिल्म कापण्यात गेलेली, बोटांवर ब्लेडच्या बारीक बारीक खुणा. त्यांचे हिशोब अजून फुटात चालायचे. सीन किती मोठा आहे विचारलं की मिनिटं नाही सांगायचे, "अडीचशे फूट असेल" म्हणायचे. पस्तीस एमएमच्या एका फुटात १६ फ्रेम, सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे मिनिटाला ९० फूट, हा पाढा मी त्यांच्याकडून पाठ केला आणि नंतर आयुष्यात त्याचा काहीही उपयोग झाला नाही. हजार फुटांचं रीळ म्हणजे अकरा मिनिटं. रशची, म्हणजे शूट झालेल्या कच्च्या मालाची, प्रिंट यायची, ती कापायची, टेपने चिकटवायची, उरलेले तुकडे कापडी पिशवी लावलेल्या चौकटीत वर खिळ्यांना लटकवायचे आणि प्रत्येक तुकडा कुठल्या शॉटचा ते असिस्टंटच्या डोक्यात पाहिजे. अनडू, म्हणजे केलेलं मागे घ्यायची सोय, नाही. एकदा सरांचे सहा फ्रेम हरवले, म्हणजे पाव सेकंद, जेमतेम साडेचार इंचांचा तुकडा. रात्रभर तिघं जण फरशीवर रांगत होते. पहाटे सापडला, सरांच्याच चपलेच्या तळाला चिकटलेला. आता मी दिवसातून दोनशे वेळा कंट्रोल झेड दाबतो तेव्हा मला ती चपल आठवते.

सर फार बोलायचे नाहीत, शिकवायचे तर अजिबात नाहीत. पण एकदा दुपारी क्लायंट आलाच नाही, लाईट गेलेले परत आले, सगळे जांभया देत होते, तेव्हा त्यांनी शोलेची डीव्हीडी लावली आणि आवाज बंद केला. म्हणाले, "आता बघ. आणि हे शिंदेंचं आहे, विसरू नकोस."

एम. एस. शिंदे. माधव शिंदे. शोलेचा एडिटर मराठी माणूस होता हे मला तोवर माहीत नव्हतं, आणि लाजायचं कारण नाही, तुमच्यापैकी पण बऱ्याच जणांना आत्ता कळलं असेल. गब्बर, ठाकूर, सांभा, सगळ्यांचे डायलॉग पाठ, लेखक माहीत, संगीतकार माहीत, हा माणूस नाही. आणि गंमत ऐका, १९७५ च्या त्या सिनेमाला फिल्मफेअर मिळालं किती, तर एक. फक्त एक. बेस्ट एडिटिंग. म्हणजे सगळ्या नामांकनांतून हात हलवत जे परत आले त्यात सगळी मोठी मोठी नावं, आणि ट्रॉफी घेऊन घरी गेला तो अंधाऱ्या खोलीतला माणूस.

असं सांगतात की शोलेला तीन लाख फूट शूट झालं होतं. सरांचा पाढा लावा, भागिले ९०, पंचावन्न तासांच्या वर फिल्म. त्यातून शेवटी साधारण अठरा हजार फूट राहिली, तीन तास वीस मिनिटं. सोळातला एक फूट ठेवायचा आणि पंधरा फेकायचे, आणि फेकलेले पंधरा पण रमेश सिप्पींनी जीव ओतून शूट केलेले. ठाकूरच्या घरातलं हत्याकांड एकट्या त्या सीनला २३ दिवस लागले होते म्हणे. आणि पडद्यावर ते काही मिनिटांत उरकतं.

तर आवाज बंद करून सरांनी दाखवलेली पहिली जागा म्हणजे ते मुंगीवालं. अहमद, आपला सचिन, त्याला पकडून आणलंय. गब्बर आडवा पडलाय, हातावर मुंगी चढतेय, तो तिच्याकडे बघतोय, बघतोय, आणि चिरडतो. कट. गावात घोडा येतोय, त्यावर प्रेत. बास. पोराला मारतानाचं शूटिंग झालेलं होतं, त्याचे फोटो पण फिरतात, पण थिएटरात लागलेल्या सिनेमात नाही. सर म्हणाले, "मारलेला दाखवला असता तर गब्बर एक गुंड झाला असता. मुंगी मारली म्हणून तो गब्बर झाला." मग त्यांनी हत्याकांड लावलं. गोळी लागते आणि माणूस पडता पडता फ्रेम थिजते. एकेक जण थिजतो. झोपाळा हलत राहतो. शेवटी पोरगं आणि गब्बरची बंदूक, आणि पोराला गोळी लागलेली आपण बघतच नाही, तिकडे थेट रेल्वे येते, ठाकूर सुट्टीवर घरी येतोय. आवाज बंद असून माझ्या कानात गोळी वाजली, खोटं नाही सांगत.

त्या दुपारी मला पहिल्यांदा लख्ख कळलं की माझ्या आत्याच्या प्रश्नात घोळ आहे. ते शॉट चुकलेले नव्हते. चांगले होते. चांगलं कापणं हे खरं काम, चुकलेलं काय, कुणीही कापेल.

शिंदे २०१२ साली गेले. शेवटच्या काळात धारावीत एका छोट्याशा घरात राहायचे. मला सरांचा फोन आला, एवढंच म्हणाले, "शिंदे गेले रे," आणि थोडा वेळ कोणीच काही बोललं नाही, मग त्यांनी विचारलं तुझं पेमेंट आलं का. मी म्हणलं नाही. "हं" म्हणाले आणि ठेवला. मला शिंदेंच्या परिस्थितीची खरी कारणं माहीत असल्याचा आव नाही आणायचा, बाहेरून बघून काहीबाही लिहिणं बरं नाही. पण त्या फोननंतर मी पहिल्यांदा पीपीएफचं खातं उघडलं हे खरं आहे.

नावाचं म्हणाल तर आपल्याकडे ही परंपराच आहे. दादासाहेब फाळक्यांनी राजा हरिश्चंद्र काढला, ३ मे १९१३ ला गिरगावात कोरोनेशनला लागला, हे शाळेत पाठ केलंय आपण. पण घरी दादरला रात्री अंधारात बसून कच्च्या फिल्मच्या कडेला भोकं पाडणं, फिल्म धुणं, आणि वर अख्ख्या युनिटचा स्वयंपाक, हे सरस्वतीबाई करत होत्या. त्यांना आता कोणी पहिली महिला तंत्रज्ञ म्हणतं, कोणी पहिली एडिटर पण म्हणतं. शाळेच्या धड्यात मात्र मला त्या कधी भेटल्या नाहीत. आणि रेणू सलुजा, पुण्याच्या इन्स्टिट्यूटच्या, जाने भी दो यारो, अर्धसत्य, परिंदा, एडिटिंगचे चार राष्ट्रीय पुरस्कार, २००० साली गेल्या, पन्नाशी पण गाठली नव्हती. आमच्या लाइनमधे त्यांचं नाव घेताना लोक अजून आवाज खाली करतात. बाहेर विचारा, कोण म्हणतील.

असो. मी काही शोले कापत नव्हतो. मी डेली सोप कापत होतो. रोज बावीस मिनिटांचा एपिसोड, आज शूट, उद्या एडिट, परवा टेलिकास्ट, बँक, म्हणजे तयार करून ठेवलेल्या एपिसोडची शिल्लक, कायम शून्यावर. सून म्हणते "मला सगळं कळलंय", मग सासूचा क्लोज, झूम, धाड. नणंदेचा क्लोज, झूम, धाड. कामवालीचा पण झूम. तुम्ही हसता पण ती धाडधाड बसवणारा हात माझा होता, आणि त्यात पण एक हिशोब असतो, तिसऱ्या धाडला प्रेक्षक चॅनेल बदलतो की नाही ते गुरुवारी टीआरपी आला की समजायचं. सीरियलला नावं ठेवणाऱ्यांना मी एकच सांगतो, हात तिथेच बसतो. रोज एवढा ढिगारा उपसून कुठला चेहरा किती वेळ बघवतो हे जे कळतं ते कुठल्याच कोर्समधे कळत नाही.

तिथेच माझ्याकडून सगळ्यात मोठी चूकही झाली. असिस्टंट होतो, रात्रीचे तीन, सेटवरून शूटिंगची मेमरी कार्डं आलेली, कॉपी करून दुसऱ्या ड्राइव्हवर बॅकअप घ्यायचा आणि मगच कार्ड फॉर्मॅट करायचं हा नियम. मी एक कार्ड कॉपी न करताच फॉर्मॅट केलं. त्यात पूर्ण लग्नाचा सीन. अंतरपाटापासून अक्षतांपर्यंत. कळलं तेव्हा मी बाथरूममधे जाऊन नळ सोडून बसलो होतो. दुसऱ्या दिवशी परत मंडप, परत भटजी, परत चाळीस ज्युनियर आर्टिस्ट, आणि प्रॉडक्शनवाले मला जे बोलले ते इथे टाइप करता येणार नाही. माझे दोन महिन्यांचे पैसे कापले गेले (ते पण कटिंगच). तेव्हापासून मी घरच्या गॅसचा नॉब पण तीनदा बघतो.

मग पुढे सिनेमे मिळायला लागले. मोठे नाही, आपले मराठी, छोट्या बजेटचे, वर्सोव्याला आरामनगरच्या एखाद्या खोलीत चार महिने बसून करायचे. एकाचे पैसे बुडाले, एकात सात महिने काम केल्यावर माझ्या जागी निर्मात्याचा भाचा आला आणि माझं नाव विशेष आभारमधे गेलं, केटरिंगवाल्याच्या खाली. नावं नाही घेत, अजून त्याच गल्लीत राहायचंय.

पण सुपारीचा शॉट त्या सगळ्याची भरपाई आहे. तोच सांगायला बसलो होतो, शोलेत वाहवत गेलो.

कोकणातली गोष्ट होती. म्हातारा बाप एकटा घरात, मुंबईहून मुलाचा फोन येतो की गणपतीला जमत नाही आणि घराचं पण आता काय ते बघून टाकू. बाप फोनवर ऐकतोय. अख्खा सिनेमा त्या एका चेहऱ्यावर उभा. काम करणारे काका रंगभूमीवरचे नावाजलेले, मी लहानपणी बघितलेले. आणि तोच त्रास होता हो, काका शेवटच्या रांगेतल्या माणसाला दिसेल असा अभिनय करत होते आणि कॅमेरा त्यांच्यापासून चार फुटांवर. ओठ थरथरतायत, डोळे भरतायत, नाकपुड्या. पाच टेक. पाचही टेकमधे बाप रडतोय आणि बघणारा कोरडा. मी दोन दिवस कापून बघितलं, लांब ठेवलं, आखूड केलं, फक्त पाठ ठेवली, फोनवर ठेवलं, खिडकीवर गेलो. डिरेक्टर पोरगा पहिलाच सिनेमा करत होता, तो तर म्हणायला लागला की म्युझिकने सांभाळून घेऊ. म्युझिकने सांभाळू हे वाक्य ऐकलं की समजायचं सीन गेलेला आहे.

तिसऱ्या रात्री मी उगीच रशेस पहिल्यापासून लावले. असिस्टंट लोक क्लॅपच्या, म्हणजे टेक सुरू होताना कॅमेऱ्यासमोर वाजवतात त्या फळीच्या, आधीचं बघतच नाहीत, क्लॅपपासून लावतात, आणि मी पण नव्हतं बघितलं. चौथ्या टेकचा कॅमेरा जरा लवकर चालू झालेला. दुपारच्या जेवणानंतरचा टेक. काका फोन कानाला लावून बसलेत, ॲक्शनची वाट बघत. लाइटवाला कटर, म्हणजे उजेड अडवायची काळी चौकट, हलवतोय म्हणून चेहऱ्यावरून हलकी सावली सरकते, अगदी ढग गेल्यासारखी. आणि काकांच्या दाढेत सुपारी अडकलीय. जीभ आतून तिला ढकलतेय, जबडा हळूच हलतो, थांबतो, नजर खाली जाते, कुठेच नाही बघत, फक्त खाली. मग ती निघते बहुतेक, कारण ते गिळतात. गळ्याची घाटी वर जाऊन खाली येते. पुढच्या फ्रेमला क्लॅपची कड आत घुसते.

८१ फ्रेम. साडेतीन सेकंद पण नाही.

मी मुलाच्या आवाजात "बघून टाकू" संपल्यावर एक श्वास सोडला आणि ते ८१ फ्रेम लावले, आणि बाकीचे पाचही टेक काढून टाकले. सगळे. म्युझिक पण काढलं, फक्त मागे गावाकडचा पंखा. एकट्याने तीनदा बघितलं आणि तिसऱ्यांदा मला माझे आजोबा दिसले. शंभर वर्षांपूर्वी कुलेशोव नावाच्या रशियन माणसाने हेच तर करून दाखवलं होतं म्हणतात, नटाचा एकच कोरा चेहरा, एकदा सूपच्या वाटीनंतर, एकदा शवपेटीनंतर, आणि लोक म्हणाले वा काय भूक दाखवली, काय दुःख दाखवलं. पुस्तकात वाचलेलं होतं. सुपारीने पटलं.

सकाळी डिरेक्टरला दाखवलं. तो गप्प झाला. मग म्हणाला, "हा कुठल्या टेकचा?" मी म्हणलं चौथ्याचा. खोटं बोललो नाही, कार्डवर चौथाच लिहिलंय.

डबिंगला काका आले तेव्हा माझ्या पोटात गोळा. सीन लागला, ते चष्मा वर करून बघतायत. संपल्यावर म्हणाले, परत लाव. परत लावला. "अरे हा शॉट मी दिला कधी?" मी काही बोललो नाही. मग त्यांनी आपोआप जीभ दाढेकडे नेली, मला दिसलं, आणि मोठ्याने हसले. "सुपारी! अरे हरामखोरा, सुपारी ना ती?" खांद्यावर एक जोरात थाप मारली आणि दोन मिनिटांनी गंभीर होऊन म्हणाले, "चाळीस वर्षं मी उगीच एवढं करत होतो की काय रे." ते मला लागलं. मी म्हणलं काका, नाटकाला ते लागतं. खरंच लागतं. पण मनात मला पण वाटलं की बोलायला नको होतं आपण, शॉट लावला तेवढा पुरे. नंतर सिनेमा लागल्यावर एका मुलाखतीत त्या शॉटबद्दल विचारलं तेव्हा काकांनी सांगितलं की त्या क्षणी मला माझे वडील आठवले होते. मी मोबाइल हातात धरून पोट दुखेपर्यंत हसलो. पण काय सांगावं, आठवले पण असतील, सुपारी खाताना माणसाला काहीही आठवतं.

हल्ली माझ्याकडे असिस्टंट म्हणून येणारी पोरं माझ्यापेक्षा दसपट वेगात काम करतात. साताऱ्याची एक मुलगी आहे, तिची बोटं कीबोर्डवर दिसतच नाहीत. पण रील बघून बघून सगळ्यांना दर दोन सेकंदांनी कट मारायची खाज. मी त्यांना कोर्ट दाखवतो, चैतन्य ताम्हाणेचा, एडिटर रिखव देसाई. माणसं बोलून निघून जातात तरी शॉट तसाच, कोर्टाचे दिवे एकेक करून बंद होतात, अंधार होतो, आणि कट नाही. पोरं चुळबुळ करतात, एकाने तर विचारलं हे अडकलंय का. मी म्हणतो हात मांडीखाली ठेवून बस आणि बघ. आणि रशेस क्लॅपच्या आधीपासून लावायचे, हा माझ्या खोलीतला एकमेव नियम आहे. सातारकर मुलगी पाळते. बाकीचे मी चहाला गेलो की फास्ट फॉरवर्ड करतात, मला माहितीये.

मागच्या दिवाळीत तो सिनेमा टीव्हीवर लागला. संध्याकाळी आत्याचा फोन. आवाज बसलेला. "काय रे तो म्हातारा, काही बोलला नाही रे, नुसता आवंढा गिळला, मला तुझ्या आजोबांची आठवण झाली." मी म्हणलं हो ना गं. सुपारीचं काही बोललो नाही. मग म्हणाली, तुझं नाव बघायला शेवटपर्यंत बसले होते, चष्मा पण पुसून ठेवला होता, पण नावं सुरू झाली आणि लगेच जाहिरातच लागली बाई.

चॅनेलमधे पण रात्रपाळीला एक एडिटर बसलेला असतो, नावांच्या पाटीपासून पुढचं कापायला. त्याला पण घरी जायचं असतं.